पडजीभ

मागच्या सुट्टीत बहिणीची सात वर्षांची मुलगी माझ्याकडे राहायला आली होती. एका रात्री दात घासायला गेलेली ती बराच वेळ परतली नाही, म्हणून पाहायला गेले, तर ती स्टुलावर चढून आरशासमोर उभी होती आणि माझ्या मोबाइलचा टॉर्च तिने स्वतःच्या तोंडाशी धरला होता. जबडा ताणून उघडलेला, ओठांच्या कडा पांढुरक्या झालेल्या, हनुवटीवरून लाळेचा ओघळ आणि गालांच्या आतून फुटलेला तांबूस उजेड, कंदिलाच्या काचेतून यावा तसा. मला पाहून तिने तोंड न मिटताच काहीतरी विचारले. ते मला कळले नाही, तेव्हा तिने लाळ गिळली आणि नीट विचारले, "मावशी, आत मागे लोंबतंय ते काय आहे?" मी म्हणाले, "ती पडजीभ." तिने पुन्हा आत पाहिले आणि गंभीरपणे म्हणाली, "म्हणजे पडलेली जीभ? कुठून पडली?" मी तिला सांगितले की ती छोट्या जिभेसारखी दिसते आणि वरून खाली पडत असल्यासारखी लोंबते, म्हणून पडजीभ. तिने मान हलवली, टॉर्च बंद केला आणि ती अंथरुणात शिरली.

ते उत्तर मी त्याच क्षणी रचले होते.

मूल झोपल्यावर घर शांत झाले, पण मला ती गोष्ट सोडवेना. माहीत नसलेली गोष्ट मी माहीत असल्याच्या स्वरात सांगितली होती आणि तिने ती विश्वासाने ठेवून घेतली होती. शेवटी मीच उठून आरशासमोर उभी राहिले आणि टॉर्च लावला. इतक्या वर्षांत मी स्वतःच्या तोंडात इतका वेळ कधी पाहिले नव्हते. ओठ, दात, हिरड्या, जीभ, टाळू, पडजीभ, घसा; इथवर नावे भराभर आठवली आणि मग संपली. पडजिभेच्या दोन्ही बाजूंना खाली उतरणाऱ्या त्या कमानी, जीभ वर उचलली की तिच्याखाली ताणली जाणारी ती पातळ दोरी, टाळूच्या पुढच्या भागातल्या आडव्या वळ्या, ज्यांवरून जिभेचा शेंडा दिवसातून शेकडो वेळा फिरतो, यांपैकी कशालाही हाक मारायला माझ्याजवळ शब्द नव्हता. ज्या जागेतून माझा प्रत्येक शब्द बाहेर पडतो, त्या जागेतले निम्मे कोपरे माझ्यासाठी निनावी होते.

दुसऱ्या दिवशी एका डॉक्टर मैत्रिणीकडून शरीररचनाशास्त्राचे तिचे जुने पुस्तक मागून आणले. पानभर उघड्या तोंडाचे चित्र, त्यातून चहूकडे निघालेल्या बारीक रेषा आणि प्रत्येक रेषेच्या टोकाला एक लॅटिन नाव. भाषाशास्त्र शिकताना लॅटिनशी माझी तोंडओळख झाली होती, त्या तुटपुंज्या आधारावर आणि एका कोशाच्या मदतीने मी ती नावे एकेक करून उलगडू लागले. ही नावे १८९५ साली बासेल येथे एकत्र करून प्रमाणित करण्यात आली, त्यानंतर त्यांत अनेकदा दुरुस्त्या झाल्या आणि १९९८ साली नवी यादी प्रसिद्ध झाली. पण त्यांतली कितीतरी नावे त्याच्या पुष्कळ आधीची आहेत. काही तर दोन हजार वर्षे जुनी. मला वाटले होते की त्या परक्या, जड अक्षरांमागे काहीतरी तितकेच जड आणि शास्त्रीय निघेल. प्रत्यक्षात निघाले एक द्राक्ष.

पडजिभेला लॅटिनमध्ये 'ऊव्हुला' म्हणतात. 'ऊव्हा' म्हणजे द्राक्ष आणि 'ऊव्हुला' म्हणजे छोटेसे द्राक्ष. इसवी सनाच्या पहिल्या शतकात सेल्सस या रोमन लेखकाने वैद्यकावर जो मोठा ग्रंथ लिहिला, त्यात हा अवयव नुसताच 'ऊव्हा' या नावाने येतो आणि येतो तो दुखण्याच्या संदर्भात: सुजून खाली उतरलेली, लालसर झालेली, ठणकणारी पडजीभ. हे वाचले आणि द्राक्ष कुठून आले ते मला दिसले. निरोगी पडजीभ काही फारशी द्राक्षासारखी दिसत नाही. ती निमुळती, फिकट आणि जराशी सुरकुतलेली असते. पण सुजली की ती टपोरी होते, तिची कातडी ताणून चकाकू लागते, आणि देठाला धरून लोंबणाऱ्या ओल्या, पिकल्या द्राक्षाशिवाय दुसरे काही मनात येऊ नये असे तिचे रूप होते. हे नाव देणाऱ्याने तोंडात पाहिले ते कुणीतरी कण्हत असताना पाहिले असणार.

लहानपणी मला दर पावसाळ्यात घशाचा त्रास व्हायचा. डॉक्टरकाका जिभेवर धातूची थंडगार पट्टी दाबून "आ कर" म्हणायचे. ती पट्टी मागे सरकली की पोटातून उमासा यायचा, डोळ्यांत पाणी जमायचे आणि त्या पाण्यातून मला फक्त त्यांच्या टॉर्चचा पिवळा गोळा दिसायचा. ते माझ्या आत काहीतरी पाहत असत, "हं" म्हणत असत आणि मग माझ्या डोक्यावरून आईशी बोलत असत. त्यांना काय दिसले ते मला कधीच कळले नाही आणि मीही कधी विचारले नाही. आपल्या तोंडाचे असे आहे की ते आपण आतून चाचपून पुरते ओळखतो, अंधारात जिभेने त्याचा कानाकोपरा फिरून येतो, दाताचा एक टवका उडाला तरी ती जागा जिभेला डोंगराच्या कड्याएवढी भासते. पण आपण ते पाहत नाही. पाहतो तो दुसरा कुणीतरी, दिवा घेऊन आणि बहुधा आपण दुखण्याने बेजार असताना. म्हणून ही नावे ज्याचे तोंड त्याने दिलेली वाटत नाहीत, ती समोर वाकून पाहणाऱ्याने दिलेली वाटतात.

आणि पाहणाऱ्याने स्वतःचे जग सोबत आणले होते. पडजिभेपाशी फ्रेंच माणसानेही द्राक्षच धरून ठेवले, त्यांचा 'ल्युएत' हा शब्द त्याच वेलीवरचा आहे. स्पॅनिश माणसाला तिथे छोटी घंटा दिसली, रशियन माणसाला छोटी जीभ, आणि हिंदी बोलणाऱ्यांना चक्क कावळा. लॅटिन नावे लिहिणाऱ्यांच्या डोळ्यांपुढे शेत होते आणि घर होते. ओठ आणि दात यांच्यामधल्या अरुंद जागेला त्यांनी 'व्हेस्टिबुलुम' म्हटले, म्हणजे घराच्या दारापुढचे अंगण, आपल्याकडची ओसरी म्हणावी तसे. त्या ओसरीतून आत गेले की कमानी लागतात आणि कमानींच्या पलीकडे 'फाउकेस', म्हणजे दोन डोंगरांमधली खिंड. रोमन घरात रस्त्यावरून आतल्या चौकात नेणाऱ्या चिंचोळ्या वाटेलाही हाच शब्द होता. दात ज्या खळग्यांत रुतलेले असतात तो खळगा म्हणजे 'अल्व्हेओलुस', छोटी डोणी. ग्रंथींसाठीचा 'ग्लांडुला' हा शब्द म्हणजे ओक झाडाचे लहानसे फळ. जिभेच्या मागच्या भागात इंग्रजी व्ही अक्षरासारखी एक रेघ असते, तिचे नाव 'सुल्कुस', नांगराची सरी. वैद्याने दिवा वर केला आणि त्याला त्या अंधारात आपले गाव दिसले, असे मला त्या पानांवरून बोट फिरवताना वाटत राहिले.

मऊ टाळूला 'व्हेलुम' म्हणतात. व्हेलुम म्हणजे जहाजाचे शीड, किंवा पडदा. प्रेक्षागृहांवर उन्हापासून सावलीसाठी जी भलीमोठी कापडे ताणत, त्यांनाही रोमन लोक हेच म्हणत. हे नाव मला सगळ्यांत अचूक वाटते, कारण तो भाग खरोखरच शिडासारखा काम करतो. आपण 'प' म्हणतो तेव्हा तो मागे वर उचलला जाऊन नाकाची वाट बंद करतो आणि 'म' म्हणतो तेव्हा खाली सैल सुटतो, मग हवा नाकातून वाहू लागते. नाक चिमटीत धरून 'मामा' म्हणून पाहावे. जवळजवळ 'बाबा' ऐकू येते. एका साध्या वाक्यात हे शीड कितीतरी वेळा चढते आणि उतरते, आणि बोलणाऱ्याला त्याची दादही नसते.

पण कठीण टाळूपाशी येऊन मी थांबले, आणि दोन दिवस तिथेच राहिले. लॅटिन शब्द 'पालातुम'. एन्नियस हा प्राचीन रोमन कवी आकाशाच्या घुमटाला 'आकाशाची टाळू' म्हणाला होता, आणि सिसेरोने त्याचे ते शब्द पुढे उद्धृत केले. ग्रीकांनी हेच उलट्या दिशेने केले. आकाशासाठीचा 'उरानोस' हा शब्द त्यांनी टाळूलाही लावला. रशियनमध्ये आकाश म्हणजे 'नेबो' आणि टाळू म्हणजे 'न्योबो'. एकाच छताकडे इतक्या जणांनी मान वर करून पाहिले आणि सगळ्यांना आभाळच आठवले. मग माझा शब्द, टाळू? संस्कृत 'तालु'. मराठीत तोंडाच्या छताला टाळू म्हणतात आणि डोक्याच्या माथ्यालाही टाळूच; तान्ह्या बाळाच्या डोक्यावर जी मऊ जागा श्वासाबरोबर हलल्यासारखी वाटते, तीही टाळू. मी लहानपणी हा घोटाळा समजत असे. आता मात्र मला वाटते की या शब्दाने छताच्या दोन्ही बाजू धरल्या आहेत, आतली आणि बाहेरची. शाळेत आमच्या संस्कृतच्या बाई वर्णमाला शिकवताना सगळ्या वर्गाला गळ्यावर बोटे ठेवायला लावीत आणि क-वर्ग म्हणवून घेत. मग टाळू, मूर्धा, दात आणि शेवटी ओठ. कंठापासून ओठांपर्यंत आम्ही ओळीने चालत येत असू. 'ट, ठ, ड, ढ, ण' यांना मूर्धन्य म्हणतात, आणि मूर्धा म्हणजे मस्तक, शिखर. जीभ उलटी वळून ज्या छताला टेकते त्याला माथ्याचे नाव देणारी ती माणसे आपले तोंड आरशात पाहत नव्हती. ती 'ट' म्हणून पाहत होती आणि तो कुठे लागतो याकडे लक्ष देत होती. तोंडाची ओळख करून घेण्याची ही दुसरी रीत, दिव्याशिवायची. आणि माझ्या शाळेच्या बाकावर ती मला फुकट मिळाली होती, हे मला इतक्या उशिरा कळावे याची हुरहुर वाटली.

दातांच्या नावांत मात्र दोन्ही भाषा हातात हत्यारे घेऊनच उभ्या आहेत. पुढच्या आठ दातांना लॅटिनमध्ये 'कापणारे' म्हणतात आणि मराठीत पटाशीचे दात. सुताराच्या पटाशीची ती सपाट, धारदार कड एकदा पाहिली की या शब्दाला दुसरा तोडीचा शब्द सुचत नाही. सुळ्यांना लॅटिनमध्ये कुत्र्याचे नाव आहे. दाढांना 'मोलारिस', जात्याच्या दगडाचे. 'मोला' म्हणजे जाते. आपली दाढ 'दंष्ट्रा'वरून आली, म्हणजे दंश करणाऱ्या दातावरून. चावून बारीक करण्याच्या या शांत, कष्टाळू दातांना आपण श्वापदाच्या सुळ्याचे नाव दिले आणि रोमनांनी धान्य दळणाऱ्या दगडाचे. इथे माझा कौल रोमनांकडे आहे. सावकाश चावताना लक्ष दिले तर कळते की खालचा जबडा नुसता वरखाली होत नाही, तो किंचित बाजूला सरकून गोल फिरतो. फरक इतकाच की जात्यात वरची तळी फिरते आणि तोंडात खालची. अक्कलदाढेपाशी मात्र सगळ्यांचे एकमत दिसते. ग्रीकांनी तिचा संबंध समंजसपणाशी जोडला, अरबी वैद्यकात ती अकलेची दाढ झाली, लॅटिनमध्ये 'देन्स सापिएंतिए', शहाणपणाचा दात. आणि आपल्या शब्दातली 'अक्कल'ही अरबीच.

'अल्व्हेओलुस', ती छोटी डोणी, मात्र माझ्या मनातून जाईना. माझ्या आजीचे सगळे दात मी कळती होईपर्यंत पडले होते. कवळी तिला रुतायची, म्हणून ती घरात असली की काढून पेल्यातल्या पाण्यात ठेवीत असे. तिचे ओठ आत वळलेले असत, आणि 'स' म्हणताना तिच्या तोंडातून अक्षराऐवजी हलकी फुंकर निघे. मी तिच्या मांडीवर पडून तिच्या हिरड्यांवरून बोट फिरवीत असे. त्या गुळगुळीत, घट्ट आणि कोमट असत, आणि मागे मागे त्यांची उंची कमी होत गेलेली असे. पुस्तकात वाचले की दात गेला की त्याची डोणी भरून येते आणि ती धरून ठेवणारे हाडही हळूहळू झिजत जाते. धरायला काही उरले नाही की शरीर ती जागा सांभाळीत बसत नाही. माझ्या बोटाला तेव्हा जो गुळगुळीतपणा लागत होता तो बत्तीस बुजलेल्या डोण्यांचा होता. हे वाचून वाईट वाटले की आजी पुन्हा क्षणभर जवळ आल्याचा आनंद झाला, हे मला अजूनही नीट सांगता येणार नाही.

जिभेचा लॅटिन शब्द 'लिंग्वा'. त्याचे जुने रूप 'दिंग्वा' होते. पुढे चाटणे या अर्थाच्या 'लिंगेरे' या क्रियापदाच्या ओढीने 'द'चा 'ल' झाला असे अभ्यासक मानतात. संस्कृतातला 'लिह्' हा चाटण्याचा धातू त्याच 'लिंगेरे'चा भाऊबंद, आणि 'जिव्हा' जुन्या 'दिंग्वा'ची. जिभेच्या वरच्या बाजूला 'दोर्सुम' म्हणतात, म्हणजे पाठ. जणू एखादे जनावर पोटावर निजले आहे. त्या पाठीवरचे बारीक उंचवटे म्हणजे 'पापिल्ला', त्यांतले काही धाग्यांसारखे, काही अळंब्यांसारखे, काही पानांसारखे, आणि अगदी मागे त्या नांगराच्या सरीपुढे ओळीने बसलेले आठ-दहा मोठे, ज्यांच्याभोवती खंदक आणि तटबंदी आहे म्हणून त्यांचे नावच 'तटाने वेढलेले'. सरीच्या मध्यावर एक छोटा खळगा आहे, त्याला 'आंधळे भोक' म्हणतात, कारण ते कुठेच जात नाही. पण गर्भात थायरॉइड ग्रंथीचा उगम तिथेच होतो आणि तिथून ती गळ्यात उतरते. मागे उरलेली तिची ती खूण आपण सगळे जिभेवर घेऊन फिरतो.

जिभेखालची ती पातळ दोरी म्हणजे 'फ्रेनुलुम'. 'फ्रेनुम' म्हणजे लगाम. फ्रेनुलुम, छोटा लगाम. जिभेला लगाम घाल, हे आपण किती सहज बोलतो, आणि तो तिथे आधीपासून आहे, खराखुरा, आरशात दिसणारा. माझ्या एका मामेभावाचा हा लगाम जन्मतःच आखूड होता. त्याला जीभ ओठांबाहेर काढता येत नसे आणि 'ळ' व 'र' त्याच्याकडून निसटून जात. 'बाळ' म्हणायला तो काही क्षण थांबे, त्याच्या गळ्याच्या शिरा दिसत, आणि मग 'बाय' असे काहीतरी बाहेर पडे. आम्ही मुले हसायचो. मीही हसले आहे. पुढे एका छोट्या शस्त्रक्रियेने तो लगाम मोकळा केला, आणि आता त्याच्या बोलण्यात काही जाणवत नाही. पण मोठ्या मंडळीत बोलायची वेळ आली की तो अजूनही एक क्षण थांबतो. सेल्ससने हीच शस्त्रक्रिया दोन हजार वर्षांपूर्वी लिहून ठेवली आहे. तो सांगतो की असे केल्यावर पुष्कळ जण बोलू लागतात, आणि त्यालाच जोडून एका माणसाची हकिगत नोंदवतो, ज्याची जीभ मोकळी झाल्यावर दातांच्या पुष्कळ पुढे येऊ लागली, तरीही त्याला बोलणे साधले नाही. त्या माणसाचे नाव ग्रंथात नाही. मी ते वाक्य तीनदा वाचले आणि पुस्तक मिटून ठेवले.

तोंडासाठी लॅटिनचा जुना शब्द 'ओस'. तो अगदी लहान, प्रतिष्ठित शब्द होता आणि त्याचा संस्कृत सोबती 'आस्य'. त्याचेच लाडके, लहान रूप 'ओस्कुलुम', इवलेसे तोंड, म्हणजे चुंबन. पण बोलणाऱ्यांच्या तोंडात 'ओस' टिकला नाही. 'बुक्का' म्हणजे फुगलेला गाल. तोंडात मोठा घास भरला की दिसतो तो. लोकांनी तोच शब्द तोंडासाठी वापरायला सुरुवात केली, आणि फ्रेंच, इटालियन, स्पॅनिश या भाषांतले तोंडाचे शब्द त्या गालापासून झाले. मराठीतही हेच घडले आहे. संस्कृतात 'तुंड' म्हणजे चोच, सोंड, जनावराचे मुस्कट. त्याचेच आपले 'तोंड' झाले. 'मुख' देवाच्या मूर्तीला आणि नदीला राहिले, रोजच्या बोलण्यात चोच उरली. दोन इतक्या दूरच्या भाषांनी जपलेला शब्द बाजूला ठेवून घास भरलेला, चोच उघडलेला शब्द उचलावा, याचे मला फार प्रेम वाटते. तोंड बोलण्याआधी भुकेले असते.

याच वाचनात सेव्हिलचा बिशप इसिडोर भेटला. सातव्या शतकाच्या पूर्वार्धात त्याने शब्दांच्या व्युत्पत्तींचा एक प्रचंड ग्रंथ रचला, आणि त्यात शरीराच्या अवयवांवरही लिहिले. त्याच्या मते तोंडाला 'ओस' म्हणतात, कारण ते 'ओस्तिउम' म्हणजे दार आहे. हिरड्यांना 'गिंगिव्हा' म्हणतात, कारण त्या दातांना जन्म देतात. 'गिग्नेरे' म्हणजे जन्म देणे. टाळू आकाशासारखी वर पसरली आहे, म्हणून तिचे नाव ध्रुवावरून आले. आजच्या अभ्यासात यातले फारसे टिकत नाही. तरीही हिरड्यांबद्दलचे त्याचे ते वाक्य मला चुकीचे म्हणवत नाही. दुधाचा दात यायच्या आधी बाळाची हिरडी कशी फुगते, तिच्यातून ती पांढरी धार कशी वर येते, हे त्याने पाहिले असले पाहिजे. शब्दाचे मूळ त्याने चुकवले, पण हिरडीकडे त्याने बघितले होते. माझ्या बोचणीचे कारण मला तिथे सापडले. मीही त्या रात्री एक व्युत्पत्ती रचली होती, पण ती रचताना मी ना तोंडात पाहिले होते, ना शब्दात.

म्हणून इतक्या भटकंतीनंतर मी शेवटी मराठीचा कोश उघडला, जो खरे तर पहिल्याच दिवशी उघडायला हवा होता. पडजीभ, संस्कृत 'प्रतिजिव्हा'. मी त्या एका शब्दाकडे कितीतरी वेळ पाहत राहिले. 'पड' म्हणजे पडलेली नव्हे. हा 'पड' म्हणजे 'प्रति'. प्रतिशब्दाचा झाला पडसाद, प्रतिच्छायेची झाली पडछाया, आणि प्रतिजिव्हेची पडजीभ. जिभेसमोरची जीभ, खालून वर येणारीला वरून खाली येऊन भेटणारी. रोमन वैद्याला त्या जागी सुजलेले फळ दिसले, आणि माझ्या भाषेत कुणाला तरी, केव्हा तरी, एक जीभ आणि तिला सामोरी जाणारी दुसरी अशी जोडी दिसली. 'पडसाद' हा शब्द मी हजारदा लिहिला असेल. त्यात काही पडत नाही हे मला ठाऊक होते. तरी पडजिभेपाशी आल्यावर मी पडण्याचाच अर्थ पुढे केला.

मुलगी तोवर तिच्या घरी गेली होती. मी व्हिडिओ कॉल केला आणि तिला सांगितले की मी त्या रात्री तुला चुकीचे सांगितले होते. तिला ती रात्र नीट आठवत होती. पडसाद म्हणजे काय ते तिला माहीत होते. जिन्यात ओरडले की येतो तो. "तसंच हे," मी म्हणाले, "पडलेली जीभ नाही, समोरची जीभ." तिने थोडा विचार केला आणि म्हणाली, "थांब." फोनचा पडदा हलला, पंख्याचे पाते दिसले, भिंत दिसली, मग नळाचा आवाज आला आणि दिवा लागला. पडद्यावर आधी तिचे नाक, मग ओठ आणि मग फक्त तोंड: पटाशीचा एक दात गेल्याची नवी फट, तिच्यातून डोकावणारी दुसऱ्या दाताची कातरलेली कड, ओली जीभ, आणि मागच्या कमानीत ती. "आ," ती म्हणाली, आणि थांबली. पुन्हा म्हणाली, "आ." मग तोंड मिटून, लाळ गिळून, कॅमेऱ्याच्या अगदी जवळ येऊन तिने सांगितले, "मावशी, ती पडतच नाहीये. मी आ केलं की ती वर जाते. तू बघ तुझी."

मी टॉर्च शोधायला उठले.